अपिलात तडजोड करताय? मग पुरशीस नीट लिहा

दिवाणी न्यायालयात जमिनीचा दावा वर्षानुवर्षे चालला, निकाल लागला, एक भाऊ खूश झाला, दुसऱ्याने तीस दिवसांच्या आत जिल्हा न्यायालयात अपील ठोकले. जालना, अंबड, घनसावंगी, भोकरदन, परतूर, तालुका कोणताही घ्या, ही गोष्ट ओळखीचीच आहे. अपील दाखल झाले की दोन्ही घरांत एकच वाक्य ऐकू येते : आता वरच्या कोर्टातच काय ते होऊन जाऊ द्या. माझे म्हणणे नेमके उलटे आहे. तडजोडीसाठी अपिलाइतकी चांगली वेळ दुसरी नाही, आणि ती हातची जाऊ देऊ नये.

दावा दाखल करताना प्रत्येकाला आपलीच बाजू शंभर टक्के खरी वाटत असते. अपिलापर्यंत येताना ते चित्र बदललेले असते. साक्षीपुरावा झालेला असतो, उलटतपासणीत कोण कुठे अडखळले ते सगळ्यांनी पाहिलेले असते, सातबारा, फेरफार, जुने खासरा पत्रक, मोजणीचा नकाशा असे सगळे कागद रेकॉर्डवर आलेले असतात. खालच्या न्यायाधीशांनी कोणता मुद्दा मानला आणि कोणता नाही, तेही लेखी समोर असते. आपल्या बाजूचे वजन किती, हे आता अंदाजाने ठरवावे लागत नाही. दुसरे असे की वस्तुस्थितीच्या प्रश्नांवर पहिले अपील हेच सहसा शेवटचे ठाणे असते. त्यानंतर उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात दुसरे अपील करता येते, पण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १०० प्रमाणे त्यात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असावा लागतो. बांध कुणी कोरला, विहीर कुणाच्या पैशांतून खोदली, यावर तिथे पुन्हा साक्षी होत नाहीत. १९८१ साली जालना जिल्हा झाला आणि त्याच वर्षी खंडपीठही सुरू झाले, त्यामुळे मुंबईची वारी वाचली. खंडपीठ जवळ आले म्हणून दुसरे अपील मात्र सोपे झालेले नाही.

बाहेर मिटवले आणि अपील काढून घेतले

सगळ्यात जास्त नुकसान या एका चुकीने होते. पंच बसतात, चर्चा होते, स्टॅम्प पेपरवर करारनामा लिहिला जातो, नोटरी होते, पैसे दिले जातात, आणि पुढच्या तारखेला अपीलदार ‘अपील चालवायचे नाही’ म्हणून अपील काढून घेतो. घरी पेढे वाटले जातात. पण अपील काढून घेतल्यावर कायद्याच्या नजरेत उरतो तो खालच्या कोर्टाचा हुकूमनामा, जसाच्या तसा. दोन-चार वर्षांनी नाते पुन्हा बिघडले, किंवा पुढची पिढी आली, की समोरचा त्याच हुकूमनाम्याची दरखास्त दाखल करतो. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची मुदत बारा वर्षांची आहे, हे लक्षात ठेवा. अशा वेळी ‘आमचे तर मिटले होते’ असे सांगून भागत नाही. संहितेच्या आदेश २१ नियम २ प्रमाणे हुकूमनाम्यापोटी बाहेर झालेली परतफेड किंवा समेट न्यायालयात नोंदवलेला नसेल, तर दरखास्त चालवणारे न्यायालय त्याची दखल घेत नाही. ज्याच्यावर हुकूमनामा आहे त्याने तशी नोंद करून घेण्यासाठी अर्ज करायचा तर मुदत फक्त तीस दिवसांची आहे.

म्हणून तडजोड अपिलातच नोंदवायची आणि तिच्याप्रमाणे जिल्हा न्यायालयाचा हुकूमनामा घ्यायचा. तो झाला की खालचा हुकूमनामा त्यात विलीन होतो आणि पुढे चालतो तो नवा.

बोलणी चालू असताना आणखी एक धोका असतो. अपील दाखल झाले म्हणून खालच्या हुकूमनाम्याची अंमलबजावणी आपोआप थांबत नाही, त्यासाठी वेगळी स्थगिती घ्यावी लागते. स्थगिती नसेल तर इकडे बैठका चालू असताना तिकडे बेलीफ ताबा घ्यायला बांधावर उभा राहू शकतो. बोलणी खरोखर पुढे सरकत असतील तर दोन्ही वकिलांनी मिळून न्यायालयाला तसे सांगावे आणि आहे ती परिस्थिती कायम ठेवण्याचा आदेश मागावा.

तोंडी कबुलीला किंमत नाही

संहितेच्या आदेश २३ नियम ३ प्रमाणे तडजोड कायदेशीर, लेखी आणि पक्षकारांच्या सह्यांची असावी लागते. १९७६ च्या दुरुस्तीने ‘लेखी व सही केलेली’ हे शब्द त्यात आले. सर्वोच्च न्यायालयाने गुरप्रीत सिंग विरुद्ध चतुर्भुज गोयल (१९८८) या प्रकरणात त्यांचा अर्थ स्पष्ट केला. ते प्रकरणही अपिलातलेच होते. चंदीगडच्या एका घराचा वाद उच्च न्यायालयात अपिलावर असताना पक्षकारांनी न्यायालयासमोर तडजोडीची तयारी दाखवली, पण लेखी, सही केलेली तडजोड आलीच नाही आणि नंतर एक जण फिरला. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की तडजोड लेखी आणि सही केलेलीच हवी. न्यायालयात सर्वांदेखत ‘मान्य आहे’ म्हटले, एवढ्यावर निर्धास्त राहू नका. त्याच दिवशी, त्याच ठिकाणी पुरशीस, म्हणजे न्यायालयात द्यायचे तडजोडीचे लेखी निवेदन, लिहून घ्या.

पक्षकाराच्या वतीने वकिलाने सही केली तर ती अमान्य होते असे नाही, सर्वोच्च न्यायालयाने ते पूर्वीच मान्य केले आहे. तरीही जमिनीच्या बाबतीत माझा आग्रह आहे की प्रत्येकाने स्वतः सही करावी, अंगठा असेल तर ओळख पटवणारा सोबत असावा, आणि न्यायाधीशांनी विचारल्यावर प्रत्येकाने स्वतःच्या तोंडाने अटी सांगाव्यात. पुण्याला किंवा मुंबईला नोकरी करणारा भाऊ एक दिवस रजा काढू शकतो. वीस वर्षांचे भांडण मिटवायला एक दिवस मोठा नाही.

तडजोडीच्या हुकूमनाम्यावर अपील होत नाही (कलम ९६(३)), आणि ती तडजोड बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावाही लावता येत नाही (आदेश २३ नियम ३-अ). फसवून सही घेतली असेल तर ज्या न्यायालयाने तडजोड नोंदवली त्याच न्यायालयात जावे लागते. म्हणजे सही करण्याआधी जे काय विचारायचे ते विचारून घ्या. मराठीत लिहिलेली पुरशीस घरी न्या, रात्रभर ठेवा, शिकलेल्या मुलामुलींकडून वाचून घ्या. समोरच्याला घाई झाली असेल तर ती त्याची अडचण आहे, तुमची नाही.

कोण कोण सही करणार

अपिलाच्या मेमोवरची नावे आणि आज हयात असलेली माणसे यांत फार अंतर पडलेले असते. दावा चालू असताना वडील गेले, काका गेले, आणि त्यांचे वारस रेकॉर्डवर आलेच नाहीत, असे सर्रास होते. मृत्यूनंतर वारस लावण्यासाठी मुदत नव्वद दिवसांची आहे. ती उलटली असेल तर आधी तो अर्ज, विलंब माफीसह, निकाली काढा. मृत माणसाच्या नावाने झालेली तडजोड टिकत नाही.

बहिणींचा विषय मी मुद्दाम वेगळा काढतो, कारण जिल्ह्यातल्या वाटणीच्या भांडणांत अजूनही ‘बहिणीने साडीचोळी घेतली, तिचा काय संबंध’ हे बिनदिक्कत बोलले जाते. विनिता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा (११ ऑगस्ट २०२०) या निकालाने हा प्रश्न संपवला आहे. वडिलोपार्जित एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत मुलीचा हक्क जन्माने आहे, ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात होते की नव्हते याने फरक पडत नाही. वाटणीचा प्राथमिक हुकूमनामा झाला असला तरी अंतिम हुकूमनाम्याच्या कामात किंवा अपिलात मुलींना मुलाइतका हिस्सा द्यायचा, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा न्यायालयाच्या हुकूमनाम्याने झालेल्या वाटण्या मात्र तशाच राहतात. ‘तोंडी वाटणी झाली होती’ हा बचाव न्यायालय आता अगदी अपवादानेच स्वीकारते. तेव्हा दोन भावांनी आपापसांत मिटवले आणि बहीण बाजूला राहिली, तर ते मिटलेले नाही, पुढे ढकलले गेले आहे. तिला हिस्सा घ्यायचा असेल तर तो द्या. तिला सोडायचा असेल तर तिने स्वतः, कुणाच्या दडपणाशिवाय, न्यायाधीशांसमोर सांगू द्या. बहिणींनीही हे ध्यानात घ्यावे की विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला उत्पन्न किती हे न पाहता मोफत वकील मिळतो. भावाच्याच वकिलावर विसंबून सही करू नये.

अज्ञान मुले पक्षकार असतील तर त्यांच्या पालकाला न्यायालयाची स्पष्ट परवानगी घ्यावी लागते (आदेश ३२ नियम ७). परवानगी नसेल तर सज्ञान झाल्यावर तो मुलगा ती तडजोड मोडू शकतो, तुम्ही मात्र मोडू शकत नाही. दावा चालू असताना कुणी हिस्सा विकला असेल तर त्या खरेदीदारालाही बोलावून घ्या. प्रलंबित दाव्यातल्या खरेदीला हुकूमनामा बांधून ठेवतो हे खरे आहे, पण ताब्यात बसलेल्या माणसाला बाहेर ठेवून केलेली तडजोड पुन्हा कोर्टातच येते.

शेत कागदावर कसे उतरवायचे

‘उत्तरेकडील निम्मा भाग अपीलदारास’ असे लिहिलेली पुरशीस म्हणजे पुढच्या दाव्याची पहिली ओळच. आधी भूमी अभिलेख कार्यालयाकडून मोजणी करून घ्या, खर्च सगळ्यांनी मिळून द्या, आणि मोजणीचा नकाशा पुरशीसला जोडा. त्यावर सगळ्यांच्या सह्या हव्यात. गट नंबर, क्षेत्र हेक्टर-आरमध्ये, चतुःसीमा, आणि पोटहिस्सा कसा पडणार हे नकाशातच दाखवा. शेतसारा असलेल्या जमिनीची वाटणी एरवी संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि तहसील कचेरीत नव्याने फाइल चालते. कोणता तुकडा कुणाचा हे तडजोडीतच मोजणीने ठरलेले असेल तर हा लांबचा फेरा टळू शकतो.

एक उदाहरण घेऊ. समजा अंबड तालुक्यात दोन भाऊ आणि एक बहीण यांचा एक गट आहे, त्यात एक विहीर आणि दीड एकर मोसंबी. खालच्या कोर्टाने तिघांना समान हिस्सा दिला, थोरल्याने अपील केले, कारण बाग त्याने लावली आणि वाढवली. तडजोडीत काय काय लिहावे लागेल? बाग थोरल्याकडे राहणार असेल तर बाकीच्यांना त्याबदल्यात किती जमीन जास्त किंवा किती पैसे. झाडांवर आंबिया बहार आहे, तो कोण उतरवून घेणार आणि ताबा कोणत्या तारखेला सुटणार. विहिरीचे पाणी कुणाला आठवड्यातले कोणते दिवस, कृषिपंपाची महावितरणची जोडणी कुणाच्या नावावर, वीजबिल आणि मोटार दुरुस्ती कशी वाटायची, पाइपलाइन कुणाच्या हिश्श्यातून जाणार आणि फुटली तर दुरुस्तीला आत जाऊ द्यायचे की नाही. कालव्याचे पाणी मिळत असेल तर पाळी कशी. मागच्या हिश्श्याला रस्ता किती रुंद, आणि बैलगाडीपुरता की ट्रॅक्टर-हार्वेस्टर जाईल इतका. बांधावरचा लिंब कुणाचा. शेतात वडिलांची समाधी असेल तर तिथे जाण्याचा सगळ्यांचा हक्क. बँकेचा बोजा असेल तर तो कुणाच्या माथी. वाचताना कंटाळा येईल, पण निम्मी भांडणे क्षेत्रावरून होत नाहीत, पाण्यावरून आणि रस्त्यावरून होतात. जमीन समृद्धी महामार्गात किंवा दुसऱ्या प्रकल्पात संपादित झाली आणि वादामुळे मोबदला जमा पडून असेल, तर त्याची वाटणी व त्यावरचे व्याज यांचाही उल्लेख याच पुरशीसमध्ये करा.

वाटणी करताना तुकडेबंदीचा कायदा आडवा येतो. जिरायतीसाठी २० गुंठे आणि बागायतीसाठी १० गुंठे हे प्रमाणभूत क्षेत्र २०२३ पासून आहे. त्याहून लहान तुकडा पडत असेल तर त्या हिस्सेदाराला जमिनीऐवजी पैशात मोबदला देण्याची वाट कायद्यानेच ठेवली आहे, ती वापरा.

मराठवाड्यात आणखी एक तपासणी सुटता कामा नये. हा मुलूख १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता, त्यामुळे जमिनींचे जुने हक्क वेगळे आहेत. सातबाऱ्यावर भोगवटादार वर्ग २ आहे का, हैदराबाद कुळवहिवाट कायद्याच्या कलम ५०-ब ची नोंद आहे का, देवस्थान इनाम किंवा वक्फ आहे का, सिलिंगची जमीन आहे का, हे बघा. जे हस्तांतर परवानगीशिवाय करता येत नाही ते तडजोडीच्या हुकूमनाम्यानेही करता येत नाही. अशी तडजोड कायदेशीरच नसते, आणि ज्याला नंतर फिरायचे आहे त्याला आयते कारण मिळते.

पैसे द्यायचे असतील तर रोखीने देऊ नका. बँकेतून द्या किंवा न्यायालयात जमा करा, हप्त्यांच्या तारखा लिहा, आणि चुकले तर काय, तेही लिहा : व्याज किती, आणि मुदतीत रक्कम भरली नाही तर अपील फेटाळले असे समजून खालचा हुकूमनामा कायम होईल, अशी अट घालता येते. ही एक ओळ नसली तर पैसे वसुलीची नवी लढाई सुरू होते.

बांधाच्या भांडणात फौजदारी केसही झालेली असते. दिवाणी तडजोडीने ती आपोआप संपत नाही. आपसात मिटवता येण्याजोगा गुन्हा असेल तर त्या न्यायालयात वेगळा अर्ज द्यावा लागतो, तसा नसेल तर खंडपीठात गुन्हा रद्द करण्यासाठी जावे लागते. कोणत्या केसमध्ये कोण काय करणार, हे लिहून ठेवा.

लोकअदालत की नेहमीचे न्यायालय

दोन्ही वाटा चालतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ प्रमाणे न्यायालय अपीलही मध्यस्थीकडे पाठवू शकते. मध्यस्थासमोर जे बोलले जाते ते गोपनीय असते आणि तडजोड फिसकटली तर ते तुमच्याविरुद्ध वापरता येत नाही, म्हणून तिथे मोकळेपणाने बोला. राष्ट्रीय लोकअदालतीत ठेवलेले अपील मिटले तर निवाड्याला हुकूमनाम्याचा दर्जा मिळतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. लोकअदालतीच्या दिवशी मात्र गर्दी असते. अटी गुंतागुंतीच्या असतील तर मसुदा आधी पक्का करून, नकाशा जोडूनच तिथे जा. ऐनवेळी छापील फॉर्मवर चार ओळी लिहून शेताची वाटणी करू नका.

नोंदणी आणि मुद्रांक

१९७६ च्या दुरुस्तीनंतर दाव्यात नसलेली मिळकतही तडजोडीत घेता येते. गावातले घर दाव्यात नव्हते, पण ते एकाला देऊन शेत दुसऱ्याला, असे खुशाल करा. फक्त नोंदणी कायद्याच्या कलम १७(२)(सहा) प्रमाणे दाव्याबाहेरची स्थावर मिळकत असेल तर हुकूमनाम्याची नोंदणी लागते. भूप सिंग प्रकरणात (१९९५) सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक फरक सांगितला : आधीपासून असलेला हक्क हुकूमनाम्याने मान्य केला तर नोंदणी नको, तडजोडीने नवाच हक्क निर्माण केला तर हवी. मुद्रांकाचेही तसेच आहे. रूबी सेल्स विरुद्ध महाराष्ट्र शासन (१९९४) या आपल्याच राज्यातल्या प्रकरणात, मिळकत हस्तांतरित करणारा संमतीचा हुकूमनामा मुद्रांक शुल्कास पात्र ठरला. कुटुंबातल्या शेतजमिनीच्या वाटणीला मुद्रांक नाममात्र आहे, आणि वाटणीपत्राची नोंदणी फी माफ करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने २०२५ मध्ये घेतला. म्हणून पुरशीसमध्ये ‘वाटणी’ आहे, ‘विक्री’ आहे की ‘अदलाबदल’, हे खरे तेच लिहा.

अदलाबदलीवरून आठवले. एकाच्या नावावरची जमीन दुसरा कसतो आणि दुसऱ्याची पहिला, असा वाद असेल आणि हा परस्पर ताबा किमान बारा वर्षांचा असेल, तर सलोखा योजनेत (शासन निर्णय ३ जानेवारी २०२३) हजार रुपये मुद्रांक आणि हजार रुपये नोंदणी फीत अदलाबदल दस्त होतो. योजनेची सध्याची मुदत दुय्यम निबंधकांकडे विचारून घ्या.

हुकूमनामा झाला की त्याच आठवड्यात प्रमाणित प्रतीसाठी अर्ज करा. प्रत आणि नकाशा घेऊन तलाठ्याकडे, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे, फेरफाराचा अर्ज द्या आणि पोच घ्या. नोटिशीची मुदत संपल्यावर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात. भूमी अभिलेखात पोटहिस्से वेगळे पाडण्याचा अर्जही लगेच करा, आणि शेतात हद्दीचे दगड सगळ्यांच्या समक्ष रोवून घ्या. हे महिनोन्‌महिने राहून जाते, मग एकाचा मृत्यू होतो, वारसांना काही माहीत नसते.

तुमचे अपील जालन्यात पडून असेल तर पुढच्या तारखेची वाट पाहू नका. वकिलांना सांगून मध्यस्थीकडे पाठवण्याचा अर्ज द्या, किंवा न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जाऊन प्रकरण लोकअदालतीत ठेवण्याची विनंती करा. तालुक्याच्या न्यायालयात तालुका विधी सेवा समिती आहे, तिथेही माहिती मिळते. त्या दिवशी जाताना बहिणीला सोबत घेऊन जा.